कुत्र्या-मांजरांचा हृदयविकार: घरी काय पाहावे आणि दवाखान्यात काय तपासून घ्यावे

हृदयविकार असलेले कुत्रे किंवा मांजर बराच काळ आजारी दिसत नाही. हृदयाची झडप गळू लागली किंवा हृदयाचा स्नायू अशक्त झाला, तरी शरीर ठोके वाढवून, रक्तवाहिन्या आवळून आणि मीठ-पाणी धरून ठेवून ती उणीव महिनोन्‌महिने, कधी वर्षानुवर्षे भरून काढत असते. आणि ज्या दिवशी हे जमेनासे होते त्या दिवशी घरच्यांना वाटते की कालपर्यंत ठणठणीत असलेला प्राणी आज अचानक धापा टाकू लागला. शिवाय प्राणी आपली धावपळ आपणहूनच कमी करून घेतो. जिना चढताना दोनदा थांबणाऱ्या कुत्र्याकडे पाहून आपण ‘आता वय झाले’ म्हणतो आणि विषय तिथेच राहतो. दवाखान्यातल्या तपासण्या वर्षातून एकदा होतात, घरातले निरीक्षण मात्र रोज करता येते. म्हणून सुरुवात घरापासूनच केलेली बरी.

झोपेतले श्वास मोजणे

सर्वांत उपयोगी तपासणीला घड्याळाखेरीज काहीही लागत नाही. प्राणी गाढ झोपेत असताना छाती एकदा वर येऊन खाली गेली की एक श्वास, असे पूर्ण एक मिनिट मोजावे. अर्धा मिनिट मोजून दुप्पट केले तरी चालते, पण ते सवय झाल्यावर. निरोगी कुत्र्याचा किंवा मांजराचा झोपेतला वेग मिनिटाला ३० च्या आत असतो आणि पुष्कळांचा तर १५ ते २५ च्या दरम्यानच आढळतो. अंगावर हात ठेवून मोजू नये, कारण स्पर्शाने कुत्रे जागे होते आणि मांजर घुरघुरू लागते. झोपेत पाय झटकत, बारीक आवाज काढत स्वप्न पाहणाऱ्या कुत्र्याचे श्वास वेडेवाकडे पडतात. तेवढा वेळ थांबावे. फिरून आल्यावर लगेच किंवा भर उकाड्यात मिळालेला आकडाही धरू नये. एप्रिल-मे महिन्यांत नागपूर-अकोल्याकडे दुपारच्या वेळी कोणत्याही कुत्र्याचा श्वास उष्णतेनेच वाढलेला असतो, तेव्हा त्या दिवसांत पहाटे, फरशी गार असताना मोजणे योग्य.

पहिला आठवडा रोज मोजून भिंतीवरच्या दिनदर्शिकेत त्या त्या तारखेच्या चौकोनात आकडा लिहावा. यातून आपल्या प्राण्याचा स्वतःचा नेहमीचा आकडा कळतो, आणि पुढे तोच उपयोगी पडतो. वयस्क पण निरोगी प्राण्यासाठी नंतर आठवड्यातून एकदा मोजणे पुरेसे आहे. हृदयविकाराचे निदान झालेल्या प्राण्यासाठी रोज मोजावे. आकडा ३० च्या वर गेला तर तास-दोन तासांनी, प्राणी पुन्हा गाढ झोपल्यावर दुसऱ्यांदा मोजावा आणि तो तसाच असेल तर त्याच दिवशी डॉक्टरांना कळवावे. नेहमी १६ च्या आसपास असणारा आकडा सलग काही दिवस २४-२५ वर राहिला, तर तो ३० च्या आत असूनही सांगण्याजोगा आहे. हृदयाला रक्त पुढे ढकलणे जमेनासे झाले की ते फुप्फुसांकडे तुंबते, तिथे पाणी झिरपू लागते, फुप्फुसे ताठर होतात आणि प्रत्येक श्वास उथळ झाल्यामुळे त्यांची संख्या वाढते. ही वाढ बहुधा धाप दिसण्याच्या आधी होते, आणि तेवढ्या अवधीत औषधाने पाणी उतरवता आले तर प्राणवायूवर ठेवण्याची वेळ टळू शकते.

कुत्र्यातील खुणा

कुत्र्यांमध्ये सर्वांत जास्त आढळणारा हृदयविकार म्हणजे मायट्रल झडप (हृदयाच्या डाव्या बाजूच्या दोन कप्प्यांमधली झडप) जाड व वेडीवाकडी होऊन गळू लागणे. तो मुख्यतः लहान चणीच्या, उतारवयाकडे झुकलेल्या कुत्र्यांचा आजार आहे: डॅशहुंड, शिह त्झू, पूडल, पॉमेरेनियन, आणि आपल्याकडे पॉमेरेनियन म्हणूनच सर्रास विकला गेलेला इंडियन स्पिट्झ. मिश्र जातीचे आणि देशी कुत्रेही यातून सुटत नाही. डॉबरमन, ग्रेट डेन यांसारख्या मोठ्या जातींमध्ये दुसरा आजार दिसतो. त्यात हृदयाचा स्नायूच ढिला पडून हृदय फुगते आणि ठोक्यांची लय बिघडते.

खोकला हे घरच्यांच्या प्रथम लक्षात येणारे लक्षण. ‘घशात हाड अडकल्यासारखे करतो’ किंवा ‘उलटी काढतो पण काही पडत नाही’ असे त्याचे वर्णन केले जाते. फुगलेले डावे अलिंद (हृदयाचा वरचा कप्पा) श्वासनलिकेच्या फांदीवर दाबू लागले की असा खोकला येतो. पण लहान जातींच्या म्हाताऱ्या कुत्र्यांमध्ये श्वासनलिका चपटी होण्याचा आजारही तितकाच सामान्य आहे आणि त्याचा खोकला हुबेहूब असाच असतो. एकाच कुत्र्यात दोन्ही असू शकतात. अशा वेळी झोपेतल्या श्वासांचा आकडा पुन्हा मदतीला येतो: खोकला भरपूर आणि आकडा मात्र १८-२० वर स्थिर असेल, तर फुप्फुसात पाणी झालेले असण्याची शक्यता कमी होते. खोकला आहे म्हणून माणसांचे औषध पाजत आठवडे घालवू नयेत.

दुसरी खूण म्हणजे भोवळ. दारावरची घंटा वाजताच उत्साहाने धावलेले कुत्रे एकदम लुळे होऊन पडते आणि काही सेकंदांत, फार तर मिनिटाभरात, उठून काहीच झाले नाही अशा चेहऱ्याने शेपूट हलवते. याला फीट समजण्याची चूक नेहमी होते. फिटेत बहुधा अंग ताठ होते, पाय सायकल मारल्यासारखे हलतात, तोंडाला फेस येतो आणि नंतर बराच वेळ कुत्रे भांबावलेले राहते. हृदयामुळे येणारी भोवळ साधारणपणे धावपळीत किंवा खोकल्याच्या उबळीत येते आणि पटकन जाते. भोवळीतही थोडे झटके येऊ शकतात, त्यामुळे शब्दांत वर्णन करण्यापेक्षा मोबाइलवर चित्रण करून डॉक्टरांना दाखवावे. एवढी पंधरा सेकंदांची चित्रफीत कित्येकदा निदानाची दिशा ठरवते.

याखेरीज फिरताना मध्येच बसकण मारणे, रात्री एका जागी न झोपता सारखे उठून जागा बदलणे, पुढचे पाय फाकवून मान ताणून बसणे, पाठीवरचे व मांडीचे मांस उतरणे, या गोष्टी टिपून ठेवाव्यात. हृदयाची उजवी बाजू निकामी होऊ लागली तर पोटात पाणी साठते. मग बरगड्या दिसू लागलेल्या असताना वजनकाट्यावरचा आकडा मात्र कमी होत नाही, आणि ‘पोट सुटलंय, म्हणजे खातोय चांगला’ असा गैरसमज होतो. पोटातले पाणी यकृताच्या आजारानेही वाढते, म्हणून तपासणीशिवाय निष्कर्ष काढू नये.

मांजराचे वेगळे आहे

कुत्र्यावरून मांजराचा अंदाज बांधता येत नाही. मांजरांमध्ये प्रामुख्याने हृदयाची भिंत जाड होण्याचा आजार असतो आणि तो मोजक्या जातींचा नाही. साध्या गल्लीतल्या मांजरांसह साधारण सात मांजरांपैकी एकात तो आढळतो. त्यांतली पुष्कळ मांजरे आयुष्यभर त्रासाशिवाय जगतात. हृदयविकारामुळे मांजर सहसा खोकत नाही. मांजर खोकत असेल तर आधी दम्याचा विचार होतो. स्टेथोस्कोपही इथे फसवतो. मर्मर, म्हणजे ठोक्यांसोबत हृदयातून येणारा जादा आवाज, काही निरोगी मांजरांत ऐकू येतो आणि काही आजारी मांजरांत येतच नाही. मेन कून आणि रॅगडॉल या जातींमध्ये या आजाराशी निगडित जनुकीय दोष माहीत असून त्यांची चाचणी उपलब्ध आहे, पण चाचणी निर्दोष आली म्हणजे मांजराला हा आजार होणारच नाही असे समजू नये.

म्हणून मांजराच्या बाबतीत वागण्यातले बारीक बदल महत्त्वाचे. कपाटावर उडी मारणारा बोका आता खुर्चीवरूनच परततो, पलंगाखाली बसून राहतो, खाणे निम्म्यावर येते. मांजराने कुत्र्यासारखे तोंड उघडून श्वास घेणे हे जवळजवळ नेहमीच गंभीर असते. जोरदार खेळानंतर किंवा प्रवासाच्या भीतीने क्षणभर तसे झाले तरी डॉक्टरांच्या कानावर घालावे. घरात शांत बसलेले मांजर तसे करत असेल तर थांबू नये. मांजर एकाएकी मागच्या पायांनी लुळे होऊन वेदनेने किंचाळू लागले, तर घरच्यांना पहिली शंका गाडीच्या धक्क्याची किंवा वरून पडण्याची येते. अशा वेळी मागचे पंजे हाताने चाचपावेत. ते पुढच्या पंजांपेक्षा गार असतील आणि पंजांच्या गाद्या फिकट किंवा निळसर दिसत असतील, तर हृदयात तयार झालेली रक्ताची गुठळी मागच्या पायांकडे जाणाऱ्या रक्तवाहिनीत अडकली असण्याची दाट शक्यता आहे. चोळणे, शेकणे यांत वेळ न घालवता तडक दवाखाना गाठावा.

मांजराच्या आहाराबद्दलही इथेच सांगणे आवश्यक आहे, कारण आपल्या घरांशी त्याचा थेट संबंध आहे. मांजराला टॉरिन हे द्रव्य पुरेसे तयार करता येत नाही. ते मांस-मासळीतूनच मिळवावे लागते, वनस्पतिजन्य आहारात ते जवळजवळ नसतेच. त्याच्या अभावी हृदयाचा स्नायू ढिला पडतो आणि टॉरिन दिल्यावर तो सुधारू शकतो, हे कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या डेव्हिस येथील संशोधकांनी १९८७ मध्ये दाखवून दिले, आणि त्यानंतर तयार खाद्यांत टॉरिनचे प्रमाण वाढवले गेल्यावर हा आजार दुर्मीळ झाला. पण ज्या घरात मांजर केवळ दूध-भात आणि दूध-पोळीवर वाढते, तिथे हा धोका आजही आहे. शाकाहारी घरात मांजर पाळायचे असेल तर निदान पूर्ण आहार म्हणून विकले जाणारे मांजरांचे खाद्य द्यावे. घरी मासळी किंवा चिकन उकडत असाल तर ते पाणी फेकून देऊ नये, कारण टॉरिन पाण्यात उतरते.

हाताने काय तपासता येते

डाव्या कोपराच्या मागे छातीवर तळहात ठेवला की ठोका जाणवतो, आणि मागच्या मांडीच्या आतल्या बाजूला, जांघेजवळ बोटे ठेवली की नाडी लागते. विश्रांतीच्या वेळी मोठ्या कुत्र्याचे ठोके मिनिटाला ६० ते १००, लहान कुत्र्याचे साधारण १४० पर्यंत आणि मांजराचे १४० ते २२० असतात. निवांत कुत्र्याचे ठोके श्वास घेताना जलद आणि सोडताना मंद होतात; ही अनियमितता निरोगीपणाची खूण आहे, तिला घाबरू नये. ठोका जाणवतो पण नाडी मधूनच चुकते, किंवा छातीवर हात ठेवल्यावर मांजर घुरघुरल्यासारखा कंप कुत्र्याच्या छातीत जाणवतो, तर मात्र डॉक्टरांना दाखवावे. असा कंप म्हणजे सहा पायऱ्यांच्या मोजपट्टीवर पाचव्या किंवा सहाव्या पायरीचा मर्मर असतो.

हिरड्यांचा रंग ओळखीचा करून घ्यावा. फिकट हिरड्या दिसल्या की आपल्याकडे आधी गोचीडतापाचा विचार करावा लागतो. गोचिडांमार्फत होणाऱ्या अशा संसर्गांत रक्त कमी होते, पातळ रक्ताच्या वेगाने निरोगी हृदयातही मर्मर उमटतो, कुत्रे लवकर दमते आणि सगळे चित्र हृदयविकारासारखे भासते. रक्ततपासणीने हा गोंधळ चटकन मिटतो. डासांतून पसरणारी हृदयकृमी पूर्वोत्तर भारतात आढळते; बदलीच्या निमित्ताने तिकडे राहून आलेल्या किंवा तिकडून आणलेल्या कुत्र्याची त्यासाठी वेगळी रक्तचाचणी करावी, मात्र संसर्ग झाल्यापासून पहिले सुमारे सहा महिने ती चाचणी काही दाखवत नाही.

तपासण्या कधी आणि कोणत्या

पिल्लू घरी आणल्यावर पहिल्या लसीच्या वेळीच त्याचे हृदय नीट ऐकून घेण्याची विनंती करावी. कोवळ्या पिल्लांतला हलका मर्मर बहुधा चार-पाच महिन्यांच्या वयापर्यंत नाहीसा होतो. तो टिकला किंवा मोठा असेल तर इको, म्हणजे हृदयाची सोनोग्राफी, करावा. डाव्या काखेपाशी यंत्राच्या घरघरीसारखा अखंड आवाज येत असेल तर जन्मानंतर बंद व्हायला हवी ती रक्तवाहिनी उघडी राहिलेली असते. वेळेवर बंद केल्यास पिल्लू पूर्ण बरे होऊ शकते, न केल्यास अनेक पिल्ले पहिले वर्षही पार करत नाहीत. जन्मजात दोषांपैकी एवढा उपचारसुलभ दोष दुसरा क्वचितच सापडेल, आणि तो चुकतो तो केवळ काखेत स्टेथोस्कोप न लावल्यामुळे.

लहान जातींच्या कुत्र्यांचे हृदय दर वर्षी ऐकून घ्यावे. सात-आठ वर्षांनंतर सहा महिन्यांनी ऐकले तर अधिक चांगले. मर्मर सापडल्यास त्याची पायरी फाइलवर लिहून घ्यावी. डॉबरमनची गोष्ट न्यारी आहे. त्याच्यात मर्मर नसतानाही आजार वाढत असतो आणि कधी कधी अचानक मृत्यू हेच पहिले लक्षण ठरते. म्हणून वयाच्या तिसऱ्या वर्षापासून दर वर्षी इको आणि चोवीस तासांचा होल्टर (अंगावर बांधून ठोके सलग नोंदवणारे यंत्र) अशा दोन्ही तपासण्या कराव्यात, असे युरोपीय तज्ज्ञांचे मार्गदर्शन आहे. होल्टरमध्ये चोवीस तासांत ३०० पेक्षा जास्त अवेळी ठोके दिसले तर ते आजाराचे लक्षण मानले जाते. दोन-तीन मिनिटांचा ईसीजी सरळ आला म्हणून डॉबरमनच्या मालकाने निर्धास्त होऊ नये.

एक्स-रेतून दोन गोष्टी कळतात: फुप्फुसात पाणी आहे का, आणि हृदय वाढले आहे का. हृदयाची लांबी आणि रुंदी यांची बेरीज पाठीच्या मणक्यांच्या मापात मोजतात. कुत्र्यात ती सरासरी ९.७ मणके असते आणि १०.५ च्या वर गेल्यास वाढ समजतात, पण पग, बॉक्सर, लॅब्राडोर यांचा आकडा निरोगीपणीही जास्त असू शकतो. जुना एक्स-रे जपून ठेवावा, कारण त्याच कुत्र्याच्या दोन वर्षांपूर्वीच्या मापाशी तुलना करणे हे कोणत्याही सरासरीपेक्षा विश्वसनीय. धाप लागलेल्या प्राण्याला मात्र एक्स-रेच्या टेबलावर बळजबरीने आडवे करू देऊ नये. आधी प्राणवायू आणि औषध, चित्र नंतर.

निदान पक्के होते ते इकोने. कुत्र्याच्या अहवालात डाव्या अलिंदाचे महाधमनीशी (हृदयातून निघणाऱ्या मुख्य रक्तवाहिनीशी) असलेले प्रमाण शोधावे. झडपेच्या आजारात ते १.६ किंवा अधिक असेल तर अलिंद वाढलेले आहे. मांजराच्या अहवालात डाव्या निलयाच्या (हृदयाच्या खालच्या कप्प्याच्या) भिंतीची जाडी पाहावी. ६ मिलिमीटर किंवा त्याहून अधिक जाडी संशयास्पद, ५ ते ६ ही कुंपणावरची स्थिती. भिंत जाड दिसली तरी आजार हृदयाचाच असेल असे नाही: वयस्क मांजरात थायरॉइडचा अतिरेक आणि वाढलेला रक्तदाब यांनीही ती जाड होते, म्हणून थायरॉइडची रक्ततपासणी आणि शांत खोलीत अनेकदा मोजलेला रक्तदाब हवाच, वरचा आकडा वारंवार १६० च्या पुढे गेला तर उपचाराचा विचार करावा लागतो. इको करण्याची सोय नसेल तिथे एनटी-प्रोबीएनपी ही हृदयावरचा ताण दाखवणारी रक्तचाचणी काही अंशी वाट दाखवते. सगळीकडे या सोयी नाहीत हे खरे. जवळच्या पशुवैद्यकीय महाविद्यालयाच्या रुग्णालयात चौकशी करावी. परळ, नागपूर, शिरवळ, परभणी आणि उदगीर येथे अशी महाविद्यालये आहेत.

इतक्या लवकर शोधून उपयोग काय, असा प्रश्न पडतो, त्याला आता चांगले उत्तर आहे. २०१६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या, ३६० कुत्र्यांवरील ‘एपिक’ अभ्यासात असे दिसले की झडपेच्या आजाराने हृदय वाढलेले आहे पण लक्षणे अद्याप नाहीत, अशा टप्प्यावर पिमोबेंडान हे हृदयाचे आकुंचन बळकट करणारे औषध सुरू केल्यास हृदय निकामी होणे सुमारे १५ महिन्यांनी लांबते. हृदय वाढलेलेच नसेल तर हे औषध देण्यात अर्थ नाही, आणि वाढले आहे की नाही हे कानाने ठरत नाही. गोळी उपाशीपोटी, जेवणाच्या साधारण तासभर आधी द्यावी लागते. चीजमध्ये किंवा फरसाणात लपवून देण्याची सवय मोडावी, कारण त्यातले मीठ या रुग्णाला नको असते.

मर्मर माहीत असलेल्या प्राण्याची नसबंदी, दात साफ करणे किंवा भूल द्यावी लागणारे काहीही करण्यापूर्वी ती गोष्ट स्वतःहून सांगावी. मांजराला लांबून परिणाम करणारे स्टेरॉइडचे इंजेक्शन किंवा शिरेतून भरपूर सलाइन देण्याच्या आधीही सांगावे. छुपा हृदयविकार असलेल्या मांजरात या दोन्हींनी फुप्फुसात पाणी होऊ शकते.

तातडीची वेळ

निळसर किंवा राखाडी हिरड्या, जागेपणी शांत बसूनही पोट आत ओढत घेतलेला श्वास, मांजराचे उघडे तोंड, गार पडलेले मागचे पाय, किंवा पुन्हा पुन्हा येणारी भोवळ: यांपैकी काहीही दिसले तर सकाळची वाट पाहू नये. प्राण्याला ज्या स्थितीत श्वास घेणे सोपे जाते त्याच स्थितीत राहू द्यावे, कुशीवर झोपवू नये, बळेच पाणी पाजू नये, गळपट्टा काढून टाकावा. मांजराला टोपलीत किंवा पिंजऱ्यात ठेवून वर हलका कपडा टाकावा. गाडीची खिडकी उघडी किंवा एसी सुरू ठेवावा आणि निघतानाच दवाखान्यात फोन करून प्राणवायू तयार ठेवायला सांगावे. सोबत चालू औषधांच्या पट्ट्या आणि श्वासांचे आकडे लिहिलेले दिनदर्शिकेचे पान न्यावे.